पहिली चाल होईपर्यंत

डॉक्टर व्हिटकोमनी आधी दार लावून घेतलं आणि मग सिगारेट पुढे केली. या दोन गोष्टींच्या मधल्या जागेतच सिरिल हुडाकला जे कळायचं ते कळून चुकलं. पुढचं सगळं त्याने तपशील म्हणून ऐकलं. त्याच्या बायकोचं, आडेलाचं पोट उघडलं, पाहिलं, पुन्हा शिवून टाकलं. स्वादुपिंडात सुरू झालेलं दुखणं यकृतात पसरलं होतं आणि काढून टाकण्यासारखं असं वेगळं तिथे काही उरलंच नव्हतं. "वसंतापर्यंत कदाचित," डॉक्टर म्हणाले. "खोटी आशा देणार नाही मी तुम्हाला." सिरिल क्लीव्हलंडच्या एका पोलाद-कारखान्यात प्रयोगशाळेत होता. भट्टीतून काढलेल्या नमुन्यात कार्बन किती आणि गंधक किती, हे सांगण्याचा त्याला पगार मिळे. नमुन्यात जे आहे ते आहे, त्याच्याशी भांडता येत नाही, असं तो नव्या पोरांना सांगत आला होता. म्हणून तो आताही भांडला नाही. त्याने एवढंच विचारलं, "तिला काय सांगितलंत?"

"अल्सर. मोठा होता, काढला, आता पथ्य सांभाळा. एवढंच." डॉक्टरांनी राख झटकली. "हे बघा, मिस्टर हुडाक, सांगितलं की माणूस त्याच दिवशी मरतो, उरलेले महिने नुसता श्वास घेतो. आज त्यांना बरं वाटतंय. थोडं खाल्लंही आहे. कशाला ते काढून घ्यायचं? आत जा, घरचं काहीबाही बोला. बाकी तोंडातून अक्षर काढू नका." मग त्यांनी कोपऱ्यातल्या बेसिनकडे बोट केलं. "आणि तोंड धुऊन जा. बायका चेहरा वाचतात."

त्याने तोंड धुतलं. पाण्याला क्लोरिनचा वास होता, नेहमीपेक्षा जरा जास्त, आणि अशा वेळी आपल्याला हे कळतंय याचीच त्याला शरम वाटली. बाहेर इस्पितळाचा लांबच लांब बोळ होता. मेण लावून घासलेल्या फरशीवर खिडक्यांचा उजेड तुकड्यातुकड्यांनी पडला होता आणि अगदी टोकाला आडेलाची खोली होती. वाटेत भेटायला येणाऱ्यांसाठी एक बसायची जागा होती. तिथे दोन पुरुष टोप्या मांडीवर ठेवून रेडिओ ऐकत होते. ऑक्टोबरातला शनिवार, दुसरं काय लागणार? कुठल्यातरी दोन कॉलेजांचा अमेरिकन फुटबॉलचा सामना चालू होता, मागे समुद्रासारखी गर्दी गरजत होती. सिरिल पुढे निघून जाणार, तेवढ्यात रेडिओवर सामना सांगणारा म्हणाला की बाकावरून नवा गडी धावत मैदानात आलाय, कोचचा निरोप घेऊन आलाय, आणि आता कोंडाळ्यात तोच बोलतोय, बाकीचे ऐकतायत. सिरिल थांबला. भिंतीला हात लावून उभा राहिला. आता बोलता येतं, त्याला वाटलं. आता आल्या आल्या बोलता येतं. टोपीवाल्यांपैकी एकाने वर बघून विचारलं, "बसायचंय का, भाऊ?" सिरिलने मान हलवली, पण पाय पुढे टाकला नाही.

तो कॉलेजकडून खेळायचा तेव्हा असं बोलता येत नसे. बदली गडी मैदानात आला की त्याने पंचाला आपलं नाव सांगायचं आणि गप्प उभं राहायचं. पहिली चाल खेळून होईपर्यंत आपल्याच गड्यांशी त्याने एक शब्द बोलायचा नाही, खूण करायची नाही. बोलला तर सगळ्या संघाला दंड, पंधरा यार्ड मागे. कोचने बाकावरून डोकं चालवू नये, मैदानातल्यांनी आपलं आपण खेळावं, म्हणून तो नियम. पंच कोंडाळ्याला येऊन चिकटायचा, दहा जणांच्या घामात आपली स्वच्छ टोपी खुपसायचा आणि अकराव्याच्या ओठांकडे बघत राहायचा. पोरांना त्याची गंमत वाटे. नवा आला की मुद्दाम त्याला विचारायचे, "काय रे, घरी सगळं बरं? आई कशी आहे?" आणि तो बिचारा ओठ मिटून, गाल फुगवून, डोळ्यांनी शिव्या देत उभा.

छत्तीस सालचा तो शरद. मंदी सरली सरली असं पेपरात यायचं, पण पेनसिल्व्हेनियाच्या त्या डोंगरांत ते कुणाला कळलं नव्हतं. कॉलेज लहान, खाणीच्या गावांपासून एका डोंगराआड. संघातले निम्मे गडी खाणकामगारांची पोरं, स्लोव्हाक, पोलिश, एखाददुसरा वेल्श. फीच्या बदल्यात प्रत्येकाला काम होतं आणि सिरिलकडे तळघरातली भट्टी होती. पहाटे तो तिच्यात कोळसा लोटायचा. काळा, काचेसारखा चमकणारा कोळसा, डोंगरापलीकडून आलेला. त्यातलं एखादं ढेकूळ खाणीत आपल्या बापाने पाडलेलं असणार असं त्याच्या मनात यायचं आणि मग तो उगाच जपून लोटायचा. संघाच्या लोकरी जर्स्या तिथेच नळांवर वाळत पडलेल्या असत. एकच जोड. पावसात भिजली की ती अंगावर एखादं मूल घेतल्यासारखी जड व्हायची, आणि वाळताना तिला मेंढरांचा, घामाचा, चुन्याचा वास सुटायचा. मैदानावर रेघा चुन्याने मारत. ओल्या मातीत तोंड घासलं गेलं की कातडी पोळायची. सिरिल रसायनशास्त्राचा विद्यार्थी, पाणी लागलं की चुना तापतो, असं तो सगळ्यांना समजावून सांगायचा, आणि डोमिनिक झेलिंका म्हणायचा, "हे तुझं शास्त्र माझ्या गालाला सांग, प्रोफेसर. त्याला अजून इंग्रजी येत नाही."

डोमिनिक त्याच्याच गल्लीतला. दोघांच्या घरांमध्ये एक भिंत. या घरात कोबी शिजला की त्या घरात भूक लागायची. सिरिल पहिल्या अकरात होता. रांगेत डाव्या अंगाला उभं राहायचं, समोरच्याला छातीने ढकलायचं, पळणाऱ्याला वाट करून द्यायची. अख्ख्या हंगामात त्याचा हात बॉलला लागला नव्हता आणि लागावा अशी त्याची इच्छाही नव्हती. डोमिनिक बाकावरचा. त्याची जागा सिरिलच्या शेजारची, पण ती दुसऱ्या कुणाची होती, आणि तो दुसरा काही केल्या जखमी होत नव्हता. "रोज देवाला सांगतो," डोमिनिक म्हणायचा, "जास्त नको, नुसता घोटा. घोट्याने काय होतंय?" संध्याकाळी अंधारून आलं की कोच ब्रँट गावातल्या दोनतीन मोटारी मैदानाच्या कडेला आणून त्यांचे दिवे सोडायला लावायचा. बॉलला पांढरा रंग फासलेला असायचा. त्या उजेडात तोंडातून वाफा निघत, सावल्या डोंगरापर्यंत जात आणि तो पांढरा गोळा जणू कुणीच न टाकता हवेतून इकडून तिकडे जायचा. ते जिंकत होते. पहिले दोन सामने नशिबाने असं म्हणता आलं, पण नंतर नशीब म्हणायची सोय राहिली नाही. गावातला न्हावी पैसे घेईना. पाद्री प्रवचनात त्यांचं नाव घेऊ लागला. आजवर ज्यांना कुणी विचारलं नव्हतं अशी ती पोरं रस्त्याने चालताना जरा हळू चालायला लागली, लोकांना बघता यावं म्हणून.

बापाने एकही सामना पाहिला नाही. "हातात धरून पळतात, आणि त्याला म्हणायचं फुटबॉल," तो म्हणायचा, "आणि तू? तू त्यालाही हात लावत नाहीस. मग करतोस काय तिथे?" "रेटतो, टाटो," सिरिल बापाला म्हणायचा. "रेटायला कॉलेज कशाला? ये खाली खाणीत, कोळशाचे गाडे आहेत." पण आई सांगायची की खाणीत तो सगळ्यांना सांगतो, माझा पोरगा म्हणजे भिंत आहे. शनिवारी तो वर आला की स्वयंपाकघरात टब मांडलेला असायचा. सिरिलने लहानपणापासून त्याची पाठ धुतलेली. त्या पाठीवर निळे व्रण होते, कोळशाची कपची कातडीत शिरून वरून कातडी मिटलेली; साबणाने ते जात नाहीत हे ठाऊक असूनही लहानगा सिरिल ते घासत राहायचा आणि बाप म्हणायचा, "राहू दे. ते माझे आहेत." तिथेच, पाठमोरं बसून, बापाने त्याला खाणीचा कायदा सांगितला होता. छप्पर पडण्याआधी बोलतं. बारीक तडतडतं, सरपण पेटल्यासारखं. ते ज्याच्या कानावर पडलं त्याने ओरडायचं. शेजारी भाऊ असो की वैरी असो, मुकादम काही म्हणो, आपली चूक होईल अशी भीती असो, ओरडायचं. ऐकून गप्प बसला त्याच्याबरोबर खाली कुणी उतरत नाही, आणि वरही त्याच्या टेबलावर कुणी बसत नाही. त्या गल्लीतल्या प्रत्येक पोराने हे ऐकलेलं होतं. भिंतीपलीकडच्या घरात, दुसऱ्या टबाशी, डोमिनिकनेही ऐकलंच असणार.

रेडिओवर कुणीतरी कुणालातरी पाडलं. टोपीवाल्यांपैकी एकजण "हं" म्हणाला.

शेवटून दुसरा सामना. शहरातलं श्रीमंत कॉलेज, नव्याकोऱ्या जर्स्या, स्वतःचा बँड घेऊन आगगाडीने आलेले. सिरिलसमोर जो गडी होता तो माणूस म्हणून कमी आणि कपाट म्हणून जास्त होता. अर्ध्या वेळेपर्यंत त्या कपाटाने त्याला इतक्या वेळा चिखलात बसवलं की उठताना आपलं नाव आठवावं लागत होतं. मग शेजारच्या गड्याचा घोटा गेला, आणि बाकावरून डोमिनिक आला. धावत आला नाही. चालत आला. सिरिलला ते तेव्हाही दिसलं होतं. पंचाला त्याने नाव सांगितलं ते पंचाला दुसऱ्यांदा विचारावं लागलं. कोंडाळ्यात तो सिरिलच्या समोरच उभा राहिला आणि त्याच्याकडे बघत राहिला, असा, की जणू सिरिलच्या चेहऱ्यावर काही लिहिलंय आणि ते त्याला वाचता येत नाहीये. सिरिलला वाटलं, घाबरलाय. म्हणून तो म्हणाला, "काय झेलिंका, घरी सगळं बरं?" बाकीचे हसले. पंच ओठांकडे बघत होता. डोमिनिकचा जबडा एकदा हलला आणि मिटला. चाल सांगितली गेली ती नेमकी त्या दोघांच्या मधूनच जाणारी होती. दोघांनी मिळून कपाट उचलायचं.

आणि त्यांनी उचललं. आयुष्यात नंतर सिरिलने पुष्कळ गोष्टी बरोबर केल्या, पण इतकी बरोबर एकही नाही. खांद्याला खांदा लागला, समोरचा देह आधी नाही म्हणाला, मग किंचित डळमळला, आणि मग त्याचं सगळं वजन एकाएकी त्याचं राहिलंच नाही. तो मागे जात राहिला, जात राहिला, आणि त्यांच्या पाठीमागून कुणीतरी बॉल घेऊन वाऱ्यासारखं गेलं, थेट शेवटच्या रेघेपार. सिरिल त्या कपाटावर पडला होता. नाकातून रक्त येत होतं. तो हसत होता, पोट दुखेपर्यंत. बाजूलाच डोमिनिक गुडघ्यांवर उठला होता आणि त्याचं तोंड उघडं होतं. आता त्याला बोलायला मोकळीक होती. पंच केव्हाच निघून गेला होता. "बघितलंस?" सिरिल ओरडला. "बघितलंस ना? कपाट उताणं!" डोमिनिकने तोंड मिटलं. हात देऊन त्याला उठवलं. पुढचा अख्खा वेळ तो शेजारी उभा राहून खेळला आणि खेळापुरतं बोलला, डावीकडे, खाली, आता.

सामना संपल्यावर खोलीत, अंगावरचा चिखल वाळत असताना, कोच ब्रँटने खांद्यावर हात ठेवून सांगितलं. खाणीत छप्पर कोसळलं होतं. फोन सामना चालू असतानाच आला होता. बापाला जिवंत काढला होता आणि घरी आणला होता. एका प्रोफेसराच्या मोटारीतून सिरिल डोंगर ओलांडून गेला तेव्हा दिवे लागत होते, आणि स्वयंपाकघरात, जिथे टब असायचा तिथे, दारं जोडून केलेल्या फळीवर बाप होता. हात धरला तर कोमट होता. जीव जाऊन किती वेळ झाला असावा हे सिरिलच्या डोक्याने आपोआप काढलं. ते गणित त्याला नको होतं तरी ते झालं. फोन आला त्या क्षणी निघाला असता तर पोचला असता. वेळ उरून पोचला असता. आई म्हणाली, "शुद्धीवर होता. दार वाजलं की विचारायचा, सिरिल का? मी म्हणायचे, येतोय. किती वेळा म्हणावं माणसाने?"

कोचला त्याने माफ केलं, आणि तेही फारसा विचार न करता. कोच परका माणूस. तो दफनाला आला, काळा कोट घालून, आणि रिवाजाप्रमाणे त्या सामन्याचा बॉल घेऊन आला. त्यावर पांढऱ्या रंगाने गुण लिहिलेले. आईला ते काय आहे हे कळेना. तिने तो दोन्ही हातांनी घेतला, आभार मानले आणि मांडणीवर कोबीच्या गड्ड्यांशेजारी ठेवून दिला. पण डोमिनिकने सगळे खाली उतरल्यावर टेकडीवर त्याला गाठलं. कबरस्तानाच्या कुंपणामागे खाणीच्या कचऱ्याचा काळा डोंगर होता, त्यातून नेहमीसारखा धूर येत होता. डोमिनिक म्हणाला, "मला माहीत होतं. मी बाकावर कोचच्या शेजारीच होतो. निरोप आला तो माझ्यासमोरच आला. कोच म्हणाला, संपेपर्यंत कुणी तोंड उघडायचं नाही."

सिरिलने विचारलं, "नियम एका चालीपुरता होता ना?"

"हो."

"मग?"

डोमिनिकने बुटाने माती उकरली. "तू हसत होतास," तो म्हणाला. "असा हसताना तुला मी कधी बघितलं नव्हतं, सिरिल. मला वाटलं, एवढं होऊ दे. मग वाटलं, अजून एक चाल. मग... मग सांगायची वेळच निघून गेली." "तू आमच्या गल्लीतला आहेस," सिरिल म्हणाला, आणि त्याच्याशी बोललेलं ते शेवटचं वाक्य. पुढच्या आठवड्यातला शेवटचा सामना ते दोघे शेजारी शेजारी खेळले, एक अक्षर न बोलता, नुसत्या खांद्यांनी, आणि जुने लोक म्हणाले की अशी डावी बाजू या कॉलेजात पूर्वी झाली नाही. संघ हंगामभर हरला नाही. न्हाव्याने खिडकीत पोरांचा फोटो लावला. पुढे लढाईत, बेल्जियमच्या बर्फात, डोमिनिक मेला. आईने ते सांगितलं तेव्हा सिरिल या शहरात होता, आडेलाशी लग्न झालं होतं, आणि तो "अरेरे" म्हणाला होता, एखाद्या ओळखीच्याबद्दल म्हणावं तसं. आडेलाला बापाची गोष्ट माहीत होती. डोमिनिकचं नाव त्याने तिला कधी सांगितलं नव्हतं.

त्याने भिंतीवरचा हात काढला. तळव्याची ओल भिंतीवर उमटली होती आणि बघता बघता कडेकडेने वाळत होती. हा बोळ चालताना एकोणीस वर्षांत पहिल्यांदाच त्याने डोमिनिकच्या जागी उभं राहून बघितलं, आणि त्याला ते आवडलं नाही, कारण तिथून सगळं फार सोपं दिसत होतं. समोरचा माणूस खूश आहे. आपण एक श्वास घ्यायचा आणि तो सोडायचा. इतकंच करायचं, पुन्हा पुन्हा, वसंतापर्यंत. मला येईल ते, त्याला वाटलं, आणि त्या वाटण्याने तो हादरला. म्हणून दार ढकलताना त्याने सांगायचं ठरवलं होतं.

आडेला उशांना टेकून बसली होती. मांडीवर ट्रे होता, ट्रेमध्ये कस्टर्डची वाटी. केस विंचरलेले. शस्त्रक्रियेआधीचे कित्येक दिवस तिच्या चेहऱ्यावर जो एक ताण असायचा, दार कुणी बाहेरून ढकलतंय आणि आपण आतून धरलंय असा, तो गेला होता.

"ये. कॉलर ओली का तुझी?" ती म्हणाली. "बस ना. उभा काय राहतोस हिशेब घ्यायला आल्यासारखा? बघ, अर्धी वाटी गेली. चव लागतेय, सिरिल. किती दिवसांनी. रबरासारखं बनवतात मेले, तरी लागतेय." तिने चमचा चाटला. "डॉक्टरला अक्रोडाचं विचारलंस? अल्सरवाल्यांना चालतात का? नाताळात अक्रोड भरलेली गोड पोतित्सा मीच भाजणार. गेल्या वर्षी माझ्या बहिणीने, मिल्काने केली होती, खाल्लीस ना? शेजाऱ्यांच्या छताला लावायची होती ती, गळती थांबली असती." ती स्वतःच हसली, आणि टाके ओढले गेले म्हणून पोटावर हात धरून हसली.

तो पलंगाच्या कडेवर बसला. "आडेला," तो म्हणाला, "अल्सर नाहीये."

पुढचं त्याने डॉक्टरांनी सांगितलं त्याच क्रमाने सांगितलं, कारण दुसरा क्रम त्याला सुचेना. ती ऐकत होती. चमचा वाटीच्या वर तसाच होता. वसंतापर्यंत, कदाचित, असं म्हणून तो थांबला, तेव्हा बाहेर कुणीतरी चाकांची गाडी ढकलत नेली आणि तिचं एक चाक कुरकुरत लांबवर गेलं.

"डॉक्टर म्हणाले, सांग म्हणून?"

"नाही. सांगू नका म्हणाले."

"मग?"

या प्रश्नाचं उत्तर त्याच्याजवळ होतं. कित्येक वर्षं रोज धार लावून ठेवलेलं उत्तर होतं. पण ते तिच्यासमोर ठेवण्यासारखं नव्हतं. ते दुसऱ्याच कुणासाठी होतं, आणि तो माणूस बर्फात होता. "मला वाटलं," सिरिल म्हणाला, "तुला कळायला हवं."

"हो," ती म्हणाली. "हवंच." मग ती खिडकीकडे बघत राहिली. समोरच्या विटांच्या भिंतीवर दुपारचं ऊन होतं. "बरं केलंस की वाईट, ते मला आज विचारू नकोस." थोड्या वेळाने ती म्हणाली, रागाने नव्हे, कापड कमी पडलं तर गिऱ्हाइकाला सांगावं तशा आवाजात, "पण दोनचार घास राहिले होते, सिरिल. एवढे संपवू द्यायचेस."

तिने चमचा भरला, तोंडात घातला, आणि जिभेवर धरून ठेवला. बराच वेळ धरून ठेवला, जणू कुठल्यातरी दूरच्या खोलीतून कुणी हाक मारतंय का ते ऐकावं तसा. मग गिळला. तिने मान हलवली आणि वाटी त्याच्याकडे सरकवली.

"नाही लागत आता. तू खा. टाकू नकोस."

"आडेला..."

"खा रे. मला बघू दे."

त्याने वाटी घेतली. चमचा तिच्या तोंडातला होता, अजून कोमट. त्याने पहिला घास घेतला आणि त्याला वाटलं होतं की आपल्यालाही लागणार नाही, पण लागला. दूध, व्हॅनिला, तळाशी जरा करपलेली साखर. ते गोड होतं. ती त्याच्या तोंडाकडे बघत होती, आणि तो खात राहिला.